माझ्या नाकाला आलेलं आमंत्रण

लोक भंडारा जिल्ह्यात लग्नाला जातात, बदली होऊन जातात, फार तर तांदूळ आणायला जातात. मी मासे हुंगायला गेले. हे सांगितलं की आमच्या वेंगुर्ल्यात लोक माझ्याकडे जरा काळजीनंच बघतात. दाराशी समुद्र असताना तळ्यातल्या माशाचा वास घ्यायला कोणी महाराष्ट्राच्या या टोकापासून त्या टोकाला जातं का? मी गेले, आणि परत आल्यापासून घरच्यांचे कान किटेपर्यंत तेच सांगते आहे. ते आता ऐकेनासे झालेत, म्हणून हे लिहायला बसले.

जवाहरनगर

माझी कॉलेजातली मैत्रीण माधुरी जवाहरनगरला फॅक्टरीच्या क्वार्टरमध्ये राहते. तिचे यजमान तिथे नोकरीला आहेत. सरळ रस्ते, एकसारखी पिवळी घरं आणि सकाळी ठरल्या वेळी येणारी फॅक्टरीची बस. या क्वार्टरांमध्ये पूर्वी शेवंता नावाची एक ढिवरीण मासे घेऊन यायची. आमच्याकडे गाबीत, तसे इकडे ढिवर. तळ्यात आणि नदीत मासे धरणारे. तिचं गाव आंधळगावच्या बाजूला. गावाचं नाव मी मुद्दाम लिहीत नाही, कारण त्या गावाच्या माशांची एकदा झाली तेवढी बदनामी पुरे.

ती बदनामी अशी झाली. मागच्या वर्षी धानकापणीला भाड्याचं हार्वेस्टर आलं. काम संपल्यावर चालवणाऱ्यानं तलावाच्या पाळीवरच, म्हणजे बांधावरच, मशीन उभं केलं, जुनं ऑइल खाली सोडलं, नवं भरलं, मशीन तलावात धुतलं आणि तो पुढच्या गावाला गेला. त्यात भर गावच्या ट्रॅक्टरांची. तेही तिथेच धुतले जायचे. पाणी उतरायला लागलं तसा तलावावर रंगीबेरंगी तवंग आला. शेवंतानं नेहमीसारखे मासे आंधळगावच्या बाजारात विकले, आणि पुढच्या बाजारात एका बाईनं शिजवलेल्या रश्शासकट भांडं आणून तिच्यापुढे ठेवलं. माशाला ऑइलचा वास होता. त्या दिवसापासून त्या तलावाचा मासा कोणी घेईना. शेवंताचा नवरा श्रावण नागपूरला सेंट्रिंगच्या कामावर गेला.

गावानं मग ठरवलं की तलावात गाडी धुवायची नाही आणि पाणी उपसायच्या डिझेल पंपाखाली तेल धरायला तगारी ठेवायची. एक पावसाळा गेला, तलाव भरून वाहिला. आता मासा सुधारला की नाही, हा प्रश्न होता. ढिवरांनी सांगितलं तर बाजार म्हणणार, तुम्ही चांगलंच सांगणार. शिवाय वर्षभर तेच मासे खाऊन त्यांची स्वतःच्याच नाकावरची श्रद्धा उडाली होती. तेव्हा माधुरीनं शेवंतापाशी माझी थोरवी गायली. म्हणे माझी मैत्रीण दारातून वास घेऊन सांगते, मासा आजचा की कालचा. हे पूर्ण खरं नाही, पण मी तिला कधी अडवलेलं नाही.

मी पोचले त्या संध्याकाळी शेवंता माझं नाक बघायला आली. पस्तिशीची, सडसडीत, बोलताना भुवया उडवणारी बाई. चहा घेण्याआधीच तिनं पदर माझ्यापुढे धरला आणि काय काय वास येतो ते सांगा म्हणाली. मी हुंगलं. गोवरीचा धूर, शिंगाडे, हळद आणि विडी. विडी म्हणताच ती एवढी हसली की माधुरीचा कप कलंडला. विडी तिच्या सासूची होती. नाक पास झालं.

मग ती एकदम गंभीर झाली. "ताई, चांगलं लागलं तं चांगलं म्हना, आन वास आला तं तोंडावर सांगा," ती म्हणाली. "मले कोनाची दया नाई पायजे. वास असन तं मी बी मालकासंग नागपूरले जातो, लेकरं सासूपाशी ठेवतो."

हसत हसत आलेली मी जरा सावरून बसले. मासे खायला बोलावलं तर कोण येणार नाही, पण एका घराचं बिऱ्हाड माझ्या जिभेवर ठेवलं जाईल असं मला वाटलं नव्हतं.

तलाव

दुसऱ्या दिवशी सकाळी मी आणि माधुरी निघालो. हिवाळ्यातला हा मुलूख मला फार आवडला. धान कापून झालेलं, तणसाचे, म्हणजे भाताच्या पेंढ्याचे, ढीग, आणि कापलेल्या बांध्यांतून लाखोरीचं हिरवंगार पीक. बांधी म्हणजे बांध घातलेलं धानाचं शेत. आमच्याकडचा कुणगाच, फक्त नजर जाईल तिथवर सपाट. डोंगर नाही, घाटी नाही, चढ नाही. मला सारखं वाटत होतं की आता वळणावर समुद्र दिसेल. दिसला तो तलाव, पण तोही असला की मी पाळीवर चढून तोंड उघडं टाकून उभी राहिले. मधोमध कमळं, कडेला शिंगाड्याचे वेल, पलीकडे बदकांची गडबड आणि काठाला वाकलेली अर्जुनाची झाडं. हे सगळं गावानं बांधलेलं, माणसांनी माती वाहून केलेलं. आम्हाला समुद्र फुकट मिळालाय म्हणून आम्ही माजलोय, असं मी माधुरीला म्हटलंसुद्धा.

पाळीवर शेवंताचा नवरा श्रावण, खास यासाठी नागपूरहून आलेला, दोन डोंगे घेऊन उभा होता. डोंगे काळेभोर, नुसते चमकत होते. आमच्याकडे होडीला रंग असतो, नाव असतं, हार असतो. इथे नाव-बिव काही नव्हतं, पण झळाळी अशी की त्यात मी माझी वेणी नीट केली असती. पाहुणी येणार म्हणून कालच चमकवले, असं श्रावण लाजत म्हणाला. त्यानं मला बसायला एक पोतं अंथरलं. मी समुद्रावरची बाई, मला पोतं कशाला, म्हणून मी ते बाजूला सारलं आणि फळीवर फतकल मारली.

त्यानंतरचा तासभर मी जे काही केलं त्याला वय शोभत नव्हतं. मला डोंगा वल्हवायचा होता. श्रावणनं बांबू हातात दिला आणि डोंगा जागच्या जागी गोल फिरायला लागला. जाळं वर आलं तेव्हा मी उठून उभी राहिले, माझी एक चप्पल पाण्यात गेली, आणि पाळीवरून माधुरी मला चौथीतल्या मुलीला ओरडावं तशी ओरडली. जाळ्यात रोहू होते, कतला होते, एक मरळ होता. श्रावण ते सोडवून डोंग्याच्या तळाशी टाकत होता आणि ते माझ्या पायांवर उड्या मारत होते. मी शिंगाडे सोलून खात होते आणि त्या माशांना मालवणीत दटावत होते. फार दिवसांत इतकी हसले नव्हते.

दुपारी शेवंताच्या अंगणात पंगत बसली. पंगत म्हणजे जेवणारी मी एकटी आणि बघणारं सगळं गाव. समोर खुर्चीवर नत्थूजी बसले होते. ते गावातले मोठे शेतकरी. ते हार्वेस्टर त्यांनीच आणलं होतं, आणि तलावात गाडी न धुण्याचा नियमही पुढे त्यांनीच करून घेतला होता. गळ्यात तुळशीची माळ, मासा जन्मात न खाल्लेला माणूस, पण निकाल ऐकायला आलेला. ताटातला भात त्यांच्या घरचा होता आणि हे त्यांनी मला दोनदा सांगितलं.

रस्सा लालभडक, वर लसणाची फोडणी. मी घास नाकाशी नेला. ऑइल. अगदी स्वच्छ, ओळखू येणारं, गॅरेजातलं जळकं ऑइल. मी तो वास अर्ध्या झोपेतही ओळखेन. आमच्या किनाऱ्यावर पावसाच्या तोंडावर डांबराचे गोळे वाहून येतात, मोठ्या जहाजांचं तेल असतं ते. तेव्हा रापणीची जाळी चिकट होतात आणि बायका पाय खोबरेल लावून पुसत बसतात. मी घास तोंडात घातला, गिळला आणि वर बघितलं. शेवंता माझ्याकडे बघत होती. खोटं बोलावं असं मला फार वाटलं. पण ती तोंडावर सांगा म्हणाली होती.

"वास येतो," मी म्हटलं.

शेवंतानं मान डोलावली आणि वाढण्याचा पळा भांड्यात ठेवून दिला. श्रावण उठून भिंतीकडे तोंड करून उभा राहिला. मला भयंकर वाईट वाटलं, आणि काहीतरी करायचं म्हणून मी कोरडा भात तोंडात घातला. भातालाही ऑइलचा वास. मी तेही बोलून गेले.

नत्थूजी खुर्चीतून उठलेच. भाताले? त्यांच्या भाताले? हा तांदूळ त्यांची नात बाळंतपणाला आली तेव्हाही खात होती, असं ते सगळ्यांना फिरून फिरून सांगू लागले. मी घाबरून पाण्याचा तांब्या उचलला, तर पाण्यालाही तोच वास. तेवढ्यात कोपऱ्यात बसलेली शेवंताची सासू भागरताबाई खोकल्यासारखं हसायला लागली. हीच ती विडीवाली. ती काठी टेकत माझ्याजवळ आली, माझ्याभोवती फिरली, आणि मला उभं राहून पाठ फिरवायला लावली.

"पानी बोअरचं हाय," ती म्हणाली. "तलावातलं तेल बोअरमंधी कसं जाईन? हे बाईच ऑइलनं भरली हाय ना."

माझ्या साडीच्या पाठीमागे, कमरेपासून पोटऱ्यांपर्यंत, काळाकुट्ट डाग होता. पदराचं टोक काळं, हाताची कोपरं काळी. सकाळपासून मी तशी गावभर मिरवत होते, आणि पाहुण्या बाईला कसं सांगायचं म्हणून कोणी बोललं नव्हतं. माधुरीसुद्धा नाही, ती म्हणे मला वाटलं साडीचं डिझाइनच आहे. आधी एक मुलगी फिसकन हसली, मग सगळं अंगण, मग भिंतीकडे तोंड करून उभा असलेला श्रावण. नत्थूजी हसता हसता खुर्चीवर बसले ते खुर्चीसकट मागे कलले. इतकी माणसं माझ्यावर एकदम हसलेली मला आठवत नाहीत, आणि मी त्या सगळ्यांपेक्षा मोठ्यानं हसत होते.

बायकांनी मला न्हाणीत नेलं. साबणानं ऑइल जाईना तेव्हा भागरताबाईनं जवसाचं तेल चोळलं. आमच्याकडे खोबरेल, इथे जवस, बाकी घासणं तेवढंच निर्दय. शेवंताचं लुगडं नेसून, केस पुसत मी पुन्हा ताटावर बसले. भात खाल्ला. भात स्वच्छ, गोडसर, सुवासिक. तसं सांगताच नत्थूजींनी डोळे मिटून घेतले. मग मासा.

मासा अजून वास देत होता. कमी, पण कातडीला नक्की होता. मी तेही सांगितलं, आणि पुन्हा सगळ्यांचे चेहरे उतरले. आता कोणी हसत नव्हतं.

भागरताबाईला मात्र हे पटेना. तिनं चुलीमागून आपली वाटी आणली. त्यात झिंगे आणि बोटाएवढे मासे, तिनं पहाटे तलावाच्या काठाला गुडघाभर पाण्यात उतरून बांबूच्या सापळ्यात धरलेले. तोच तलाव, तेच तेल-तिखट, तीच चूल. मी खाल्लं. काही वास नाही. पुन्हा खाल्लं. पाण्यातल्या हिरव्या वेलीचा किंचित वास, त्यापलीकडे नुसती चव. मी वाटी संपवली आणि बोट चाटलं.

मग सगळे विचारात पडले. मोठ्या माशाला वास, छोट्याला नाही, असं कसं? श्रावण आपले तळहात बघत उभा होता. ते काळे होते. त्यानं हळूच सांगितलं की डोंग्याचं लाकूड पाण्यानं सडू नये, किडू नये म्हणून त्याला दरवर्षी गॅरेजातलं जळकं ऑइल फासतात. त्याच्या बापानंही तेच फासलं होतं. उन्हाळ्यात फासलं की मुरतं. आज पाहुणी येणार म्हणून त्यानं थंडीतच, आदल्या दिवशी, मन लावून जाड हात मारला होता. सकाळभर मासे त्याच ओल्या ऑइलमध्ये लोळले, आणि मीही. होडीत बसल्यावर ऑइलचा वास मला आला कसा नाही, असं कोणी विचारलं तर उत्तर एवढंच की आमच्या होड्यांना तो असतोच. मला तो होडीचाच वास वाटतो.

तलाव निर्दोष सुटला होता. मला नाचावंसं वाटलं. पण श्रावण माझ्याजवळ येऊन हलक्या आवाजात म्हणाला की डोंग्याचं इथंच राहू द्या. नत्थूजी समोर आहेत. उद्या गाववाले म्हणतील, ऑइल तुमचंच होतं, मग आमच्या ट्रॅक्टरले कायले मना करता? नियम मोडेल आणि तलाव पुन्हा जाईल. त्याचं म्हणणं चुकीचं नव्हतं. मी गप्प बसले.

शेवंता बसली नाही. ती पदर खोचून नत्थूजींच्या खुर्चीसमोर उभी राहिली आणि डोंग्याची सगळी हकिकत सांगून मोकळी झाली. आज वास आमच्या डोंग्याचा होता, मागच्या वर्षी तुमच्या मशीनचा, असं तिनं जसंच्या तसं सांगितलं. नत्थूजी आधी हसले. मग गमतीनं म्हणाले, म्हणजे आता आमचे ट्रॅक्टर धुवायला मोकळे म्हणायचे.

"धुवा ना जी," शेवंता म्हणाली. "आमी डोंगा पुसून काढतो, तुमी ट्रॅक्टर धुवा. पन हेच पानी तुमच्या बांधीत जाते. आज ताईनं भाताले नाक मुरडलं तवा तुमी कसे उठले, ते मी पाह्यलं."

नत्थूजींनी माळ चाचपली. मग त्यांनी मला विचारलं की उद्या आंधळगावच्या बाजारात तुम्ही असणार का, आणि मी हो म्हटल्यावर म्हणाले, मीही येतो.

त्या संध्याकाळी दोन्ही डोंगे पाळीवर ओढून राखेनं आणि तणसानं घासले गेले. श्रावण घासत होता आणि स्वतःला काहीतरी पुटपुटत होता. मी मदतीला गेले तर मला हाकललं. म्हणे तुमी पुन्हा बसान.

आंधळगाव

सकाळी डोंग्याशिवाय मासे धरायचे होते. बायका-पुरुष सगळे काठाच्या पाण्यात उतरले आणि लांब जाळं दोन्ही बाजूंनी ओढत काठाला आणलं. मीही लुगड्याचा काचा मारून ओढीत होते. चिखलात तीनदा बसले. मात्र तो डाग धुतला की जातो, हे मी सगळ्यांना बजावून सांगितलं. पहिला कतला तिथेच पाळीवर, चुलीवर चढला. मी चार तुकडे खाल्ले. पहिला तपासायला आणि पुढचे तीन कशाला खाल्ले, ते लिहायला लाज वाटत नाही. समुद्राच्या माशाला जो मी उगाच मोठा मान देत आले, त्यात त्या दिवशी वाटेकरी आला.

आंधळगावच्या बाजारात मासळीच्या ओळीत शेवंताची जुनी जागा रिकामीच होती. शेजारणींनी ती धरली नव्हती, हे पाहून तिचे डोळे भरले आणि तिनं ते लगेच पुसले. टोपली मांडली. एक मोठा रोहू तिनं पळसाच्या पानांत गुंडाळून टोपलीमागे ठेवला. हा ताईसाठी, जवाहरनगरला न्यायला. मी नको नको म्हटलं, पण मनातून मी त्याचं कालवणही करून टाकलं होतं.

बाजार तुडुंब भरला, पण आमच्यासमोरून लोक सरकत पुढे जात होते. ओळखायचे, थबकायचे आणि जायचे. शेवंता ओरडत नव्हती. कोणी विचारलं की ती सगळं सांगायची, तलावाचंही आणि डोंग्याचंही. मला तिचं तोंड धरावंसं वाटत होतं; धंद्यात इतकं कोण सांगतं? बाजूला नत्थूजी धुतलेल्या धोतरात, माळ घालून, मासळीच्या ओळीत उभे होते. त्यांचे ओळखीचे लोक येऊन आधी त्यांच्याकडे आणि मग टोपलीकडे बघत.

मग ती बाई आली. रश्शाचं भांडं आणून ठेवणारी तीच, हे शेवंता ताठ बसली त्यावरून मला कळलं. बाईनं मासा उचलला, कल्ले उघडून बघितले, नाकाशी नेला, पोटाजवळ हुंगला. तिनं नत्थूजींना विचारलं की तुम्ही इथं काय करून राहिले, तुम्ही तं खात नाही.

"मी नाई खात," नत्थूजी म्हणाले. "पन तेच पानी माझ्या बांधीत जाते. मासा खराब असता तं मी इथं उभा राह्यलो असतो का?"

बाईनं आणखी एकदा वास घेतला. मग दोन मासे काढून बाजूला ठेवले आणि साफ करून दे म्हणाली. शेवंता विळीवर बसली. खवले सटासट उडू लागले. पहिल्या बाईमागे दुसरी आली, तिच्यामागे एक म्हातारा, मग सायकल टाकून एक मास्तर, मग कोण कोण आलं ते मला कळलंच नाही. मी पिशव्या धरत होते, पाणी आणत होते, येईल त्याला वेंगुर्ल्याच्या नाकाची हमी देत होते. नत्थूजी लोकांना रांगेत उभे करत होते. श्रावण नुसता उभा राहून बायकोकडे बघत होता.

गर्दी ओसरली तेव्हा मी निघायचं म्हणून टोपलीमागे हात घातला. पळसाची पानं होती. रोहू नव्हता. गडबडीत तोही विकला गेला होता.

मी शेवंताकडे बघितलं. तिनं रिकामी टोपली बघितली, पानं बघितली आणि तिला हसू आवरेना.

"तुमी तं मासोळी खाल्ली ना ताई," ती म्हणाली. "या लोकायनं वरीसभर नव्हती खाल्ली."

मी तिला तिथेच, खवल्यांसकट, मिठी मारली. त्या रात्री जवाहरनगरला आम्ही वांग्याची भाजी खाल्ली.